सात मिनिटांमागचं आयुष्य

'एक अनेक और एकता' हे कार्टून ज्यांनी लहानपणी दूरदर्शनवर पाहिलं, त्यांना ते आजही पाठ आहे. वसमतच्या मोंढ्यात हळद विकायला आलेले शेतकरी, बँकेतले कर्मचारी, आमच्या शाळेत लेकरांची नावं घालायला येणारे आई-बाप, यांच्यापैकी कुणापुढेही ते नाव काढा, माणूस लगेच चाल गुणगुणायला लागतो. शिकाऱ्याच्या जाळ्यासकट उडालेली कबुतरं, जाळं कुरतडणारे उंदीर, झाडावरचे आंबे, मुलांना समजावून सांगणारी मोठी ताई, सगळं त्याच्या डोळ्यांपुढं असतं. पण हे केलं कुणी, असं विचारलं की उत्तर येत नाही. "सरकारनं केलं असंल, मॅडम," असं एका पालकांनी मला सांगितलं होतं.

ते खोटं नाही. 1974 साली फिल्म्स डिव्हिजननं तो छोटा चित्रपट काढला आणि त्याला उत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पण सरकार काही कबुतरांची गोष्ट सुचवत नाही, की गायला पाच-सहा वर्षांची पोर शोधून आणत नाही. त्यामागे माणूस लागतो. इथं तो माणूस म्हणजे एक मराठी बाई होती. विजया मुळे हे त्यांचं नाव. ओळखीपाळखीचे सगळे त्यांना 'अक्का' म्हणत.

जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळेत माझी सगळी नोकरी गेली. मी रुजू झाले तेव्हा वसमत परभणी जिल्ह्यात होतं, 1999 साली हिंगोली वेगळा झाला. पहिली-दुसरीच्या मुलांना एखादी गोष्ट सात मिनिटांत कळेल अशी सांगणं किती अवघड असतं, हे मी रोज अनुभवलं आहे. म्हणून मला या बाईंबद्दल लिहायचं आहे.

आधी थोडं अमेरिकेकडे पाहू, कारण टीव्हीसाठी कार्टून काढायचा उद्योग तिथं सुरू झाला. थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी दाखवायची कार्टून ऐटबाज असत. त्यांवर महिनोन् महिने काम चाले आणि पैसा पाण्यासारखा ओतला जाई. टीव्हीला तेवढा खर्च झेपणारा नव्हता. कॅलिफोर्नियातला जे वॉर्ड हा घरं-जमिनींच्या खरेदी-विक्रीचा व्यवसाय करणारा माणूस. त्यानं ॲलेक्स अँडरसन या मित्राबरोबर 'क्रूसेडर रॅबिट' नावाची सशाची मालिका केली. 1950च्या सुमारास ती टीव्हीवर आली. खास टीव्हीसाठी बनलेली ही पहिली कार्टून मालिका. चित्रं कमी, हालचाल बेताची आणि सगळी भिस्त बोलण्यावर, हे तिचं तंत्र होतं. पुढे 1957 साली एमजीएम कंपनीनं आपला कार्टून विभाग बंद केला. 'टॉम अँड जेरी' करणारे विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा बाहेर पडले आणि त्यांनी त्याच काटकसरीवर स्वतःची कंपनी उभी केली. थिएटरच्या कार्टूनला जेवढा पैसा लागे, त्याच्या दहाव्या हिश्श्याहून कमी खर्चात ते टीव्हीचं कार्टून काढू लागले. पात्राचं धड तसंच ठेवायचं आणि तोंड, हात, पापण्या एवढंच हलवायचं. मागची झाडं आणि घरं पुन्हा पुन्हा तीच सरकवायची.

या सगळ्याला पैसा पुरवत होते जाहिरातदार. जे वॉर्डच्या पुढच्या मालिकेमागे जनरल मिल्स ही सकाळच्या न्याहारीचे डबाबंद पदार्थ विकणारी कंपनी होती आणि खर्च वाचवण्यासाठी त्या मालिकेची चित्रं मेक्सिकोत काढून घेतली जात. 'फ्लिंटस्टोन्स' 1960 साली सुरू झाली तेव्हा तिच्यामागे सिगारेटची कंपनी होती. अशा निर्मात्याला दोन प्रश्न सोडवावे लागत. पोरगं टीव्हीपुढं बसून राहील का, आणि बसलं तर मधली जाहिरात बघेल का? त्यातूनही त्यांनी सुंदर कामं केली. 'फ्लिंटस्टोन्स' मी नातवासोबत आवडीनं बघते.

विजया मुळे यांच्यापुढचा प्रश्न वेगळा होता. त्यांना काहीच विकायचं नव्हतं. ज्या घरात पुस्तक नाही, ज्या गावात वीज नुकतीच पोचली आहे, तिथल्या मुलाला शिकण्याची गोडी चित्रातून लावता येईल का, हे त्यांना पाहायचं होतं.

त्यांचा जन्म मुंबईचा, 16 मे 1921चा. लग्न लवकर झालं आणि 1940 साली त्या पाटण्याला गेल्या. तिथल्या विद्यापीठात बायकांना घरी अभ्यास करून परीक्षेला बसता येत असे. त्या सोयीचा फायदा घेऊन त्यांनी पदवी मिळवली. 1946 साली शिष्यवृत्ती मिळाली आणि शिक्षणशास्त्र शिकायला त्या इंग्लंडमधल्या लीड्स विद्यापीठात गेल्या. त्या काळात संसार मागे ठेवून समुद्रापार शिकायला जाणं ही मराठी घरातल्या सुनेसाठी किती मोठी गोष्ट असेल! माझ्या आईच्या पिढीत आमच्या भागातल्या मुलीला वसमतहून नांदेडला शिकायला पाठवायचं तरी घरात चार-चार दिवस खल चाले.

लीड्समध्ये त्यांना फिल्म सोसायटीचा नाद लागला. चांगले सिनेमे मिळवायचे, एकत्र बसून बघायचे, मग त्यावर बोलायचं. भारतात परतल्यावर पाटण्यात तशी सोसायटी सुरू करण्यात त्या पुढे होत्या. 1954 साली केंद्राच्या शिक्षण खात्यात नोकरी मिळाली आणि त्या दिल्लीला आल्या. तिथंही सोसायटी उभी राहिली. 1959 साली देशभरातल्या अशा सोसायट्यांचा महासंघ झाला. सत्यजित राय अध्यक्ष, तर संयुक्त सचिवांमध्ये विजया मुळे. महासंघ चालवायचा म्हणजे परदेशी वकिलातींकडून रिळं मिळवायची, ती रेल्वेनं एका गावाहून दुसऱ्या गावी पाठवायची, जकात आणि सेन्सॉरची कागदपत्रं करायची, हॉल ठरवायचा, वर्गणी गोळा करायची. निर्मात्याचं निम्मं शिक्षण याच कामातून होतं असं मला वाटतं. माणसं कशी जमवायची आणि वेळेवर काम कसं पार पाडायचं, हे त्यांनी स्वतःचा एकही चित्रपट करण्याआधीच आत्मसात केलं होतं.

पुढे सेन्सॉर बोर्डावर त्यांची नेमणूक झाली, आधी मुंबईत आणि नंतर कोलकात्यात. कोलकात्यात मृणाल सेन आणि सत्यजित राय यांच्या वर्तुळात त्यांची ऊठबस होती. लुई माल हा फ्रेंच दिग्दर्शक भारतात आला तेव्हा त्याच्याशीही त्यांची मैत्री जमली. समुद्राची भरती हुगळी नदीत उलटी चढते. त्या लाटेवरचा 'द टायडल बोअर' हा त्यांचा पहिला माहितीपट याच काळातला, तेव्हा त्या पंचेचाळिशीच्या घरात होत्या. मृणाल सेन यांच्या 'भुवन शोम'मध्ये 1969 साली नायिका झालेल्या सुहासिनी मुळे या त्यांच्याच कन्या. त्याच सिनेमात कार्टूनचा एक छोटा तुकडा आहे, तो राम मोहन यांनी केला होता. राम मोहन यांच्याकडून कार्टूनचं काम शिकलेल्या एका चित्रकाराशी पुढे विजयाबाईंची गाठ पडली, म्हणून इथं थोडं मागं जायला हवं.

आपल्याकडे कार्टूनची हौस जुनी. दादासाहेब फाळक्यांनी आगकाड्या हलवून त्यांची गंमत पडद्यावर दाखवली होती. 'प्रभात'नं 1934 साली 'जंबूकाका' हे कार्टून काढलं. पण चित्रकारांची रीतसर तुकडी बसवली ती फिल्म्स डिव्हिजननं, मुंबईत. अमेरिकी मदतीतून डिस्नेच्या स्टुडिओतला क्लेअर वीक्स नावाचा माणूस तिथं शिकवायला आला. मिशनऱ्यांचा मुलगा, जन्म भारतातलाच, आणि 'बांबी'सारख्या चित्रपटांवर काम केलेला. त्याच्याबरोबर जी. के. गोखले यांनी जातककथेवरचा 'द बनियन डियर' हा चित्रपट 1957 साली पुरा केला. राम मोहन तेव्हा रसायनशास्त्राचं पुढचं शिक्षण सोडून या तुकडीत नुकतेच दाखल झाले होते. 1961 साली भीमसेन नावाचा तरुण मागची दृश्यं रंगवायला तिथं आला. मुलतानहून फाळणीत आलेलं कुटुंब, लखनौत चित्रकलेचं आणि शास्त्रीय संगीताचं शिक्षण. त्याच्या 'द क्लाइम्ब' या छोट्या कार्टूनला शिकागोच्या महोत्सवात पारितोषिक मिळालं. 'घरौंदा' हा सिनेमाही पुढे त्याचाच.

'एक अनेक और एकता'ची चित्रं भीमसेन आणि त्यांच्या साथीदारांनी काढली. शब्द पंडित विनयचंद्र मौद्गल्य यांचे. दिल्लीत गांधर्व महाविद्यालय चालवणारे मौद्गल्य हे आपल्या विनायकबुवा पटवर्धनांचे शिष्य. संगीत वसंत देसाईंचं. कुडाळजवळच्या सोनवड्यात जन्मलेला, 'प्रभात'मध्ये तयार झालेला हा संगीतकार. 'दो आँखें बारह हाथ' आणि 'गुड्डी' या सिनेमांतल्या त्यांच्या प्रार्थना देशभरच्या शाळांनी आपल्याशा केल्या. हे कार्टून झालं आणि पुढच्याच वर्षी, 1975च्या डिसेंबरात, लिफ्टच्या अपघातात ते गेले. आणि ज्या लहान मुलीचा गोड आवाज आपल्या कानात बसला आहे, ती दाभोळची. आज आपण तिला साधना सरगम म्हणून ओळखतो.

ही माणसं एकत्र आणणं हेच विजयाबाईंचं मोठं काम होतं. दिल्लीचा गायक-गुरू, कोकणातला संगीतकार, पंजाबातून उखडलेला चित्रकार आणि एक बालगायिका. पडद्यावर हात एकाचा दिसतो, पण कुणाचा हात कुठं लागेल हे आधी ओळखावं लागतं.

श्रमाचा अंदाज यावा म्हणून थोडा हिशेब करते. सिनेमाची फिल्म सेकंदाला 24 चौकटी धावते. सात मिनिटांच्या 10 हजारांवर चौकटी होतात. एकेक चित्र दोन-दोन चौकटींना वापरलं तरी पाच हजारांच्या आसपास चित्रं हवीत. आधी कागदावर पेन्सिलीनं काढायचं, मग पारदर्शक तावावर शाईनं गिरवायचं, ताव उलटा करून रंग भरायचा आणि वाळू द्यायचा. मग मागच्या दृश्यावर तो ताव ठेवायचा आणि वर टांगलेल्या कॅमेऱ्यानं एक फोटो घ्यायचा. पुन्हा पुढचा ताव. कबुतरांचा थवा जाळं घेऊन उडतो तिथं प्रत्येक पंखाचा वेग वेगळा आणि जाळ्याला वजनही दिसायला हवं. मी मुलांना वहीच्या कोपऱ्यांवर एक पक्षी उडवायला लावते, पानं भराभर सोडली की तो उडतो. एका पक्ष्याला वीस-पंचवीस पानं लागतात. एवढ्यानंच मुलांचे हात दुखतात, आणि मग थव्याचं मोल त्यांना आपोआप कळतं.

आता त्या काळातल्या मोठ्या प्रयोगाकडे येते. 1 ऑगस्ट 1975 ते 31 जुलै 1976 असं वर्षभर भारतानं अमेरिकेच्या नासाकडून एक उपग्रह वापरायला घेतला होता. विक्रम साराभाईंचं हे स्वप्न, पण ते पाहायला ते राहिले नाहीत. सहा राज्यांतल्या 2,400 खेड्यांत टीव्ही संच बसवले गेले. कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात त्या जाळीपासून छत्रीसारखे मोठे अँटेना तयार केले. सकाळी शाळेच्या मुलांसाठी दीड तास आणि संध्याकाळी सगळ्या गावासाठी कार्यक्रम. त्या सहा राज्यांत महाराष्ट्र नव्हता. पण गुलबर्गा होतं, रायचूर होतं, मेदक होतं. 1948पर्यंत आपण मराठवाडेकर आणि ते जिल्हे एकाच निजामाच्या राज्यात नांदलो. पाऊस तसाच बेभरवशाचा आणि शाळाही तशाच गळक्या. तिथल्या मुलांनी तेव्हा आकाशातून आलेलं चित्र पाहिलं. वसमतला घरांवर अँटेना दिसायला ऐंशीचं दशक उजाडावं लागलं.

एनसीईआरटीचं शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्र या प्रयोगात मुलांच्या बाजूनं काम करत होतं आणि विजयाबाई त्या केंद्राच्या प्रमुख होत्या. शिक्षिका म्हणून मला एक काम फार मोलाचं वाटतं. त्या वर्षी टीव्ही, रेडिओ, छापील साहित्य आणि गावातच करायचे प्रयोग, असं सगळं जोडून सुमारे 50 हजार प्राथमिक शिक्षकांना विज्ञान शिकवण्याचं प्रशिक्षण दिलं गेलं. गुरुजींना तालुक्याच्या गावी बोलावून दिवसभर भाषण ऐकवण्याची रीत आपण जाणतोच. इथं शिक्षक आपापल्या भागात टीव्हीपुढं बसले आणि लगेच हातानं प्रयोग करून पाहिले. आज ऑनलाइन प्रशिक्षणाची लिंक मोबाइलवर येते तेव्हा मला नेहमी वाटतं, त्या हातानं करून पाहण्याचं काय झालं?

'एक अनेक' हे कार्टून त्या उपग्रहाच्या प्रयोगाच्या तयारीच्या वर्षांतलं आहे आणि ते बघताना हे जाणवतं. खेड्यातल्या हिंदी, कन्नड, तेलुगू, उडिया अशा वेगवेगळ्या मुलांपुढं काही ठेवायचं तर चित्रानं शब्दांच्या पुढं चालायला हवं. या कार्टूनचा आवाज बंद करून पाहा. गोष्ट तरीही पूर्ण कळते. त्यातली ताई व्याख्या सांगत नाही, मुलांना आकाशातलं, झाडावरचं, बागेतलं बघायला लावते. मग गोष्ट येते. आणि गोष्ट संपली की मुलांनाच सुचतं की हे आंब्याच्या झाडावर करून पाहावं. शिकवून झाल्यावर मुलानं ते दुसऱ्या ठिकाणी लावून पाहिलं तरच ते त्याला आलं, ही शिक्षणशास्त्रातली मोठी गोष्ट तिथं खेळता खेळता घडते.

मी ते वर्गात अनेकदा दाखवलं आहे. आधी घरून आणलेल्या छोट्या संचावर, आता शाळेच्या मोठ्या पडद्यावर. फेब्रुवारी-मार्चमध्ये हळद काढणी आणि शिजवणी जोरात असते, तेव्हा वर्ग अर्धा रिकामा असतो. काही मुलं आई-वडिलांसोबत ऊसतोडीला गेलेली असतात. उरलेल्यांना जाळं वर उचललं जातं तो क्षण कधीच जुना होत नाही. पोरं बाकावर उभी राहतात.

एकदा पारधी वस्तीवरच्या एका मुलीनं विचारलं, "मॅडम, मग त्या शिकाऱ्याच्या घरी त्या दिवशी काय खाल्लं?" तिच्या आज्यानं आयुष्यभर फासे लावून तित्तर धरलेले. वर्गातली बाकीची मुलं हसली नाहीत, कारण तीही विचारात पडली. हे कार्टून मला अतिशय प्रिय आहे, पण शिकाऱ्याकडे ते पाहत नाही हे त्या मुलीनं अचूक धरलं. एकीची गोष्ट सांगताना त्या एकीतून कुणाला बाहेर ठेवलं, हा प्रश्न सात वर्षांच्या लेकरानं विचारला होता. त्या दिवशी आम्ही शिकाऱ्याच्या घरची गोष्ट तयार केली. मुलांनी उंदरांना त्याच्या घरी जेवायला नेलं आणि कबुतरांनी शेतातले दाणे दाखवले. विजयाबाईंना ती गोष्ट ऐकायला आवडली असती, असं मला मनापासून वाटतं.

कुणाला बाहेर ठेवलं, हा प्रश्न पुढच्या काळात कार्टूनवाल्यांनी उचललेला मला 'मीना'मध्ये दिसतो. नव्वदच्या दशकात युनिसेफसाठी राम मोहन यांनी मीना, तिचा भाऊ राजू आणि मिठू पोपट यांना रूप दिलं. भावाच्या ताटात जे पडतं ते मीनाला का नाही, तिनं शाळेत का जाऊ नये, अशा गोष्टी. भारत, पाकिस्तान, बांगलादेश आणि नेपाळ या सगळीकडच्या मुलींना मीना आपली वाटावी म्हणून तिचे कपडे आणि घर गावोगाव विचारून ठरवलं होतं. आणि सुरुवातीच्या भागांच्या कामाला हॅना-बार्बेराच्याच मनिलामधल्या स्टुडिओचा हात लागला होता. अमेरिकेत जाहिरातींच्या पैशावर वाढलेली ती काटकसरीची कला फिरत फिरत आपल्याकडच्या मुलींच्या शाळेपर्यंत आली, याचा मला आनंद वाटतो.

विजयाबाईंनी नोकरी संपल्यावरही काम थांबवलं नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या दूरदर्शनवरच्या कार्यक्रमांत त्या होत्या, माहितीपट करत होत्या. 2002 साली मुंबईच्या माहितीपट महोत्सवात त्यांना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. परदेशी सिनेमांनी भारत कसा दाखवला, राजे-साधूंपासून गांधींपर्यंत, यावरचा त्यांचा मोठा इंग्रजी ग्रंथ 2010 साली प्रसिद्ध झाला तेव्हा त्या नव्वदीला आल्या होत्या. 19 मे 2019 रोजी दिल्लीत त्यांचं निधन झालं. भीमसेन त्याच्या आदल्या वर्षी गेले आणि राम मोहन त्याच वर्षी ऑक्टोबरात.

उपग्रहाच्या त्या प्रयोगातून पुढे राज्याराज्यांत मुलांचे शैक्षणिक कार्यक्रम करणाऱ्या संस्था निघाल्या. आपली 'बालचित्रवाणी' त्यातलीच, 1984 साली पुण्यात सुरू झालेली. मराठीतून, मराठी शाळेसाठी, मराठी मुलांना घेऊन कार्यक्रम करणारी. 2017 साली ती बंद झाली. तिथं चित्रित झालेल्या कार्यक्रमांत आपल्या शेतांवरचे, नद्यांवरचे, कारागिरांवरचे धडे आहेत. सगळे नीट तपासून आणि स्वच्छ करून जिल्हा परिषदेच्या प्रत्येक शाळेला मिळाले पाहिजेत. आमच्याकडे आता पडदा आहे, वीज बहुतेक वेळा असते, आणि पहिलीच्या वर्गात मुलं 'अजून एक लावा' म्हणून बसून राहतात. 'एक अनेक' संपल्यावर पुढं मराठीतलं काय लावायचं, हे मला दरवेळी शोधत बसावं लागतं.